तैवानचे आदिवासी लेखक सरकारने उभे केले? साफ चूक

सायली के.
विक्रांत यांनी परवा तैवानी साहित्यावर लिहिताना म्हटलं, "तिथलं आदिवासी साहित्य म्हणजे आपण चीनपेक्षा वेगळे आहोत हे जगाला दाखवायला सरकारने पोसलेली शोभा. शिवाय सगळं मँडरिन चिनीमध्ये, मग त्यात वेगळं काय?" खाली बऱ्याच जणांनी माना डोलावल्या. मला ते वाचून झोप लागली नाही. दोन ओळींत उत्तर देता येईना, म्हणून वेगळा धागा.

आधी साल बघा. टोपास तामापिमा हे बुनुन जमातीचे डॉक्टर. 'शेवटचा शिकारी' हा त्यांचा कथासंग्रह 1987 मध्ये आला, म्हणजे मार्शल लॉ उठला त्याच वर्षी. पाइवान जमातीचे अंध कवी मोनानेंग यांचा संग्रह 1989 चा. वेश्यावस्तीत विकल्या गेलेल्या डोंगरातल्या मुलींवर त्यांनी लिहिलं. वालिस नोकान आणि लिग्लाव आ-वू यांनी 1990 मध्ये स्वतःचं नियतकालिक काढलं. सरकारी कागदावर तेव्हा हे सगळे 'डोंगरी बांधव' होते. राज्यघटनेतला तो शब्द 1994 मध्ये बदलला, आदिवासींसाठी वेगळं खातं 1996 मध्ये आलं आणि तेव्हाच्या राष्ट्राध्यक्ष त्साई इंग-वेन यांनी माफी मागितली ती 2016 मध्ये. मग कोणी कोणाला उभं केलं?

तैवानात शिंचू शहरात नोकरीला असताना मी लान्यू बेटावर गेले होते. ताओ जमातीचं बेट. 1982 पासून तिथे अणुकचरा साठवलाय, सुमारे एक लाख पिंपं. "आम्हाला मासे डबाबंद करण्याचा कारखाना येतोय असं सांगितलं होतं," असं तिथले म्हातारे आजही सांगतात. लेखक श्यामान रापोंगान याच बेटाचे. विद्यापीठातली राखीव जागा नाकारली, राजधानी तैपेईत टॅक्सी चालवली, नंतर गावी परतून होडी बांधायला आणि समुद्रात बुडी मारून मासे धरायला शिकले. कचऱ्याविरुद्धच्या आंदोलनात पुढे होते. अशा माणसाला 'शोभा' म्हणायला जीभ कशी रेटते?

विक्रांत
साल बरोबर आहे, पण मी 1987 बद्दल बोलतच नव्हतो. आजचं बोला. हुआलिएनच्या विद्यापीठात 2001 पासून आदिवासी अभ्यासाचं वेगळं महाविद्यालय आहे, अनुदानं आहेत, पुरस्कार आहेत. पुस्तकं छापणारे तैपेईत, वाचणारे बहुतांश हान, म्हणजे तिथले बहुसंख्य चिनी वंशाचे लोक. लोकसंख्येत अडीच टक्के असलेल्यांचा बाजार असा कितीसा असणार? मग लेखक नकळत त्या वाचकाला हवं तेच देऊ लागतो: समुद्र, शिकार, आजोबांच्या गोष्टी.

आणि भाषेच्या मुद्द्याला तुम्ही बगल दिलीत. मँडरिन 1945 नंतर लादलेली, त्याआधी जपानी. या भाषांसाठी अधिकृत रोमन लिपी 2005 पासून आहे. तरी ज्या भाषेने गळा दाबला तिच्यातच गळा काढायचा?

तापीकाठ
विक्रांत, 'तुम्ही आपल्या भाषेत का लिहीत नाही' हे मला आयुष्यभर ऐकावं लागलंय. विचारणाऱ्याला आमची भाषा कधीच येत नसते.

मी नंदुरबारकडचा. घरी भिलोरी. आश्रमशाळेत पहिल्या वर्षी मी भिलोरीत पाणी मागितलं म्हणून गुरुजींनी उभं केलं आणि माझं वाक्य सगळ्या वर्गाकडून म्हणवून घेतलं. पोरं हसली. त्यानंतर शाळेत मी घरची भाषा बोललो नाही. आज कविता मराठीत लिहितो, कारण माझा राग ज्यांना कळायला हवा ते मराठी वाचतात. आईला अक्षरओळख नाही, तिला बोलून दाखवतो.

तैवानमध्ये शाळेत आपली भाषा बोलणाऱ्या पोराच्या गळ्यात पाटी अडकवायचे, दंड घ्यायचे. वालिस नोकान 1961 चे, म्हणजे त्याच काळातले. त्यांना विचारणार का, गळ्यात पाटी होती तरी त्या भाषेत का लिहिता म्हणून?

अजून एक. सरकारमान्य जमाती 16, आणि एकीची भाषा सहसा दुसरीला कळत नाही. पाइवान कवीचं आतायाल लेखकाने वाचायचं ते कशातून? आपल्याकडचे कवी घ्या: भुजंग मेश्राम गोंडी जाणणारे, वाहरू सोनवणे भिलोरीचे. ते एकमेकांना भेटले ते मराठीतच ना?

मेघना_डी
तापीकाठ, मनापासून पटलं. पण 'अल्पसंख्य' म्हटल्यावर चर्चा आदिवासींवरच का थांबते? तैवानमध्ये परदेशी कामगार सात लाखांच्या वर आहेत, आदिवासींपेक्षा जास्त. म्हाताऱ्यांची शुश्रूषा करणाऱ्या इंडोनेशियन बायका, बोटींवरचे खलाशी. 2014 पासून त्यांच्यासाठी वेगळा साहित्य पुरस्कार आहे आणि व्हिएतनामी, इंडोनेशियन, थाई, तगालोग यांत लिहिलेलं तिथे चालतं. भाषेवर एवढं भांडताय, तर याचं नाव कोणी घेतलं का? माझी मावशी मस्कतला पंधरा वर्षं दुसऱ्यांची मुलं सांभाळत होती. तिच्या वहीतलं छापायला कोणी विचारलं नाही.

नाना बर्वे
मराठीत हे सगळं यायला हवं असेल तर आधी थेट चिनीवरून अनुवाद करणारी माणसं तयार करा. सगळं इंग्रजीच्या दारातून येतं. इंग्रजीत जेवढं निवडलं तेवढंच आपल्यासाठी अस्तित्वात. एका प्रकाशकाकडे मी हाच प्रस्ताव घेऊन गेलो होतो, त्यांनी चहा पाजला आणि खपत नाही म्हणाले.

विक्रांत
तापीकाठ, तुमच्याबाबतीत झालं ते वाईटच. पण अनुभव सांगितला म्हणजे मुद्दा खोडला असं होत नाही. संपर्कभाषेचं कारण प्रत्येक सत्ता देते. आपल्याकडे हिंदीसाठी हेच ऐकवतात आणि तेव्हा आपण सगळे खवळतो. थाओ, कानाकानावू या भाषा नीट बोलणारे बोटांवर मोजण्याइतके उरलेत. लिहिणारेच मँडरिनकडे गेले तर त्या भाषेत लिहायचं कोणी?

तापीकाठ
भाषा ज्यांनी मारली त्यांनी जगवावी. 2017 मध्ये त्यांच्या भाषांसाठी कायदा झाला, तो शाळेत आणि कचेरीत राबवा. लेखकाच्या डोक्यावर ते ओझं का? तुम्ही मराठीत लिहिता तेव्हा कोणी विचारतं का, मराठी वाचवायला लिहिताय की काही सांगायचंय म्हणून?

विक्रांत
हो, विचारतात. रोज विचारतात.

सायली के.
मूळ मुद्दा बाजूलाच राहिला, पण आता भाषेवरच बोलायचं तर रापोंगान यांचं पान उघडून बघा. चिनी मजकुरात ताओ गाणी, संवाद रोमन लिपीत घुसलेले असतात, शेजारी चिनी अर्थ. 'मँडरिनमध्ये आहे' एवढ्यावर ते निकालात निघत नाही. चिनी वाचकाला तिथे थबकावं लागतं.

आणि 'वाचकाला हवं ते देतात' हा आरोप हान लेखकांवर का नाही? कित्येक वर्षं पाठ्यपुस्तकात वू फंगची गोष्ट होती: नरमुंड कापणाऱ्या 'रानटी' त्सोऊ आदिवासींना सुधारण्यासाठी स्वतःचा बळी देणारा थोर हान दुभाष्या. 1988 च्या शेवटच्या दिवशी चियायी स्टेशनसमोरचा त्याचा पुतळा लोकांनी दोर लावून पाडला, त्याच सुमारास धडाही गेला. पिढ्यानपिढ्या त्सोऊ मुलांनी तो वर्गात मोठ्याने वाचला होता. आपल्याबद्दल दुसऱ्याने लिहिलेलं वाचावं लागणं काय असतं ते तिथे कळतं.

मेघना_डी
म्हणून बाहेरच्याने लिहूच नये? कादंबरीकार वू ह हे हान. जपानी राजवटीत, 1930 मध्ये, वूशे या डोंगरातल्या गावी सीदिक जमातीने उठाव करून 134 जपानी मारले, मग जपान्यांनी जे केलं त्यातून वाचलेल्यांना दुसरीकडे हलवलं. त्या वस्तीत जाऊन वू ह राहिले आणि परिच्छेद न पाडता एक अख्खी कादंबरी लिहिली. उठावाचं उदात्तीकरण न करता मागे उरलेल्यांना विचारत फिरतात. तैवानचं मला सर्वांत आवडलेलं पुस्तक तेच आहे.

तापीकाठ
लिहावं की. पण वूशे म्हटलं की आधी वू ह यांचं आणि त्या उठावावरच्या सिनेमाचं नाव येतं, सीदिक लेखकाचं येत नाही. तक्रार तिथे आहे. वाहरूंच्या 'स्टेज' कवितेत हेच दुखणं आहे.

मेघना_डी
हं. हे नाकारता येत नाही, आणि ते मला आवडतही नाही.

विक्रांत
टोपास यांची शीर्षककथा काल इंग्रजीतून वाचली. शिकाऱ्याचं सावज पोलीस काढून घेतो आणि शिकार सोड म्हणून सुनावतो. पुढे एका बुनुन शिकाऱ्याला आईसाठी केलेल्या शिकारीवरून साडेतीन वर्षांची शिक्षा झाली, 2021 मध्ये माफी मिळाली, हेही शोधून वाचलं. 1987 पुरता 'पोसलेली' हा शब्द मागे. 2016 नंतरच्या पुस्तकांबद्दल माझं मत तेच आहे.

तापीकाठ
मग 2021 चं घ्या. आप्यांग इमिक, त्रुकू जमातीचा लेखक, समलिंगी, शहर सोडून गावी परतलेला. शेती, शिकार आणि गावात असं जगताना काय होतं ते लिहितो.

विक्रांत
2019 मध्ये समलिंगी विवाहाचा कायदा करणाऱ्या सरकारला असा लेखक हवाच असणार.

सायली के.
कायदा तैपेईत झाला. तो राहतो आई, मावश्या आणि चर्च असलेल्या गावात, आणि लिहितो त्यांच्याबद्दल. सरकारला काय हवं हे सांगण्याआधी ते पुस्तक मिळवा. मिळालं की इथेच लिहा, मी पानागणिक वाद घालायला तयार आहे.