मदत हवी आहे : तक्ता करताना नेमकं कुठलं रटलंड धरायचं?

नमस्कार मंडळी,

इंग्लंडच्या जुन्या काउंट्यांमधली सगळ्यात लहान म्हणजे रटलंड. जेमतेम दीडशे चौरस मैल, बाजाराची गावं दोनच, ओकम आणि अपिंगम. बाकी सगळी खेडी. मी शेजारी लेस्टरला राहतो. इथल्या मंडळाच्या दिवाळी अंकासाठी या काउंटीच्या कारभारावर नि लोकसंख्येवर लेख लिहायला घेतलाय. 1801 ते 2021 चा एक तक्ता टाकायचा आणि त्यावर चार परिच्छेद लिहायचे, असा साधा बेत होता. तक्त्यावरच घोडं अडलंय.

झालंय असं की 1834 च्या गरीब-कायद्यानंतर, म्हणजे गरिबांना मदत देण्याच्या कायद्यानंतर, पॅरिश (चर्चच्या हद्दीवर बेतलेली गावं) एकत्र करून त्यासाठी 'युनियन' केल्या, त्या बाजाराचं गाव मध्ये धरून. काउंटीची शीव कोणी पाहिली नाही. अपिंगम युनियनमध्ये लेस्टरशर आणि नॉर्थॅम्प्टनशरची खेडी घुसली; उलट पूर्वेची केटनकडची गावं लिंकनशरमधल्या स्टॅमफर्डला जोडली. पुढे जन्म-मृत्यूची नोंदणी आणि जनगणना याच हद्दींवर बेतली. त्यामुळे 1851 साठी जुन्या काउंटीचा आकडा 22,983 मिळतो आणि 'नोंदणी काउंटी'चा वेगळाच. 1901 पर्यंत जुनी काउंटी 19,709 वर उतरली. शेती बसली, माणसं शहरांकडे गेली, हे समजतं. पण आकडे कुठल्या रटलंडचे हे पक्कं नसेल तर उतार तरी कसा दाखवू?

दुसरं, विसाव्या शतकातली वाढ. 1938 मध्ये कॉट्समोरला हवाईदलाचा विमानतळ झाला, पुढे नॉर्थ लफनमला. 1985 मध्ये स्टॉकनचा तुरुंग. हे सैनिक आणि कैदी धरायचे की वजा करायचे?

तिसरं, 1974 ते 1997 काउंटीच नव्हती, लेस्टरशरमध्ये विलीन होती. 1981 आणि 1991 च्या रकान्यांत काय भरू?

जाता जाता, लेखात सगळ्यात जास्त जागा मी 1875 च्या अपिंगमच्या विषमज्वराला देणार आहे. शौचखड्डे विहिरींना खेटून, साथ तिथल्या निवासी शाळेत शिरली, मुलं दगावली. स्वच्छतेची जबाबदारी होती ग्रामीण आरोग्य मंडळाकडे, म्हणजे त्याच युनियनचा कारभार पाहणाऱ्या 'गार्डियन' मंडळींकडे. 1872 च्या कायद्याने त्यांच्याच डोक्यावर ही दुसरी टोपी चढवली होती. करपट्टी वाढेल म्हणून ते हात आखडून बसले. शेवटी हेडमास्तर एडवर्ड थ्रिंग यांनी 1876 मध्ये अख्खी शाळा उचलून वेल्सच्या किनाऱ्यावर, बोर्थला नेली. गिऱ्हाईक गेल्यावर दुकानदारांचे डोळे उघडले! ग्रामीण कारभार कसा चालायचा हे कळायला दहा तक्त्यांपेक्षा हे प्रकरण पुरेसं आहे, असं माझं मत.

– लेस्टरकर

जुनी_दप्तरं : पॅरिश हेच एकक धरा. जुन्या काउंटीतल्या पॅरिशांची यादी करा आणि दर दहा वर्षांची बेरीज स्वतः मारा, म्हणजे युनियनचा घोळच उरत नाही. पोर्ट्समथ विद्यापीठाच्या 'व्हिजन ऑफ ब्रिटन' संकेतस्थळावर पॅरिशवार आकडे मोफत आहेत. जनगणनेच्या छापील खंडांतल्या तळटीपा सोडू नका. एखाद्या खेड्यात माणसं अचानक का वाढली किंवा घटली, ते तिथे दिलेलं असतं. तिसऱ्या प्रश्नाचं उत्तर सोपं आहे. 1974 मध्ये ओकम नगर आणि ओकम, अपिंगम, केटन हे तीन ग्रामीण विभाग मिळून लेस्टरशरचा 'रटलंड डिस्ट्रिक्ट' झाला, म्हणजे सबंध जुनी काउंटीच. त्याचे आकडे बिनदिक्कत घ्या. 1941 चा रकाना मात्र रिकामाच ठेवा, युद्धामुळे जनगणना झाली नव्हती.

काकडी : सैनिक आणि कैदी वजा करू नका हो, ते तिथे राहत होतेच ना. तळटीप द्या म्हणजे झालं. खरी मेख वेगळीच आहे. जुन्या जनगणना त्या रात्री जो जिथे सापडेल त्याला तिथे धरत. अलीकडच्या नेहमीचा पत्ता धरतात. त्यातही 1991 ला वसतिगृहातली मुलं आईबापांच्या घरी मोजली आणि 2001 पासून शाळेच्या पत्त्यावर. ओकम आणि अपिंगम, दोन्हीकडे मोठ्या निवासी शाळा! एवढ्याशा काउंटीत याने टक्केवारी हलते. 2001 चे 34,563 आणि 2011 चे 37,369 एकमेकांशी ताडा, पण 1991 वरून उडी मारताना सांभाळून.

लेस्टरकर : दोघांचेही आभार. शाळांची गोष्ट तर ध्यानातच येण्यासारखी नव्हती. 1991 ते 2001 मध्ये तुटक रेघ काढतो. आता एकच राहिलं. रटलंडची दप्तरं लेस्टरजवळ विग्स्टनच्या अभिलेखागारात आहेत, पण केटनकडच्या गावांची 1894 आधीची युनियनची कागदपत्रं स्टॅमफर्डबरोबर लिंकनला गेली असतील का? कोणी तिथे जाऊन पाहिली असतील तर सांगा, त्या हिशेबाने शनिवारची गाडी ठरवतो.