सरकारी माल समुद्रातून वाचवला, तर न्यायालय मोबदला कसा ठरवते?

प्रश्न (गलबत):
खासगी जहाजावर सरकारी मालकीचा माल असताना ते जहाज संकटात सापडले आणि कोणी तिऱ्हाइताने धोका पत्करून तो माल वाचवला, तर सॅल्व्हेजचा (म्हणजे संकटातील जहाज वा माल वाचवण्याच्या कामाचा) मोबदला सरकारकडे मागता येतो का? रक्कम सार्वजनिक पैशातून द्यायची असल्यामुळे न्यायालय हात आखडता घेत असावे, असा माझा समज आहे. तो बरोबर आहे का?

प्रतिसाद १ (सुकाणू):
आपल्या प्रश्नात दोन प्रश्न आहेत: रक्कम किती, आणि ती वसूल होईल का. रक्कम ठरवण्याच्या कसोट्या मालक कोण यावर बदलत नाहीत. अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने १८६९ मध्ये 'ब्लॅकवॉल' खटल्यात त्या मांडल्या. वाचवणाऱ्यांचे श्रम, त्यांची तत्परता व कौशल्य, त्यांनी वापरलेल्या साधनांचे मूल्य व त्या साधनांना असलेला धोका, स्वतः पत्करलेली जोखीम, वाचलेल्या मालाची किंमत आणि तो किती गंभीर संकटात होता, हे सारे एकत्र तोलले जाते. ठरावीक टक्केवारी नसते. १९८९ च्या आंतरराष्ट्रीय सॅल्व्हेज करारात पर्यावरणाची हानी टाळण्यासाठी दाखवलेले कौशल्यही आले, आणि व्याज व दाव्याचा खर्च सोडून मोबदला वाचलेल्या मालमत्तेच्या मूल्यापेक्षा अधिक नसावा, अशी मर्यादाही आली. काहीच वाचले नाही, तर सहसा मोबदलाही नाही.

प्रतिसाद २ (नांगर):
वसुलीबद्दल 'डेव्हिस' खटला पाहावा, तोही १८६९ चाच. सव्हानाहून न्यूयॉर्कला निघालेल्या खासगी गलबतावर अमेरिकी सरकारचा कापूस होता. तो कप्तानाच्या ताब्यात होता, सरकारी अधिकाऱ्याच्या नव्हे. त्यामुळे सरकारचा ताबा न मोडता सॅल्व्हेजचा हक्क बजावता येतो, असे न्यायालयाने ठरवले. पुढे १९२० च्या कायद्याने सरकारी माल अडकवून ठेवण्यास मनाई केली, पण त्याऐवजी थेट सरकारविरुद्ध दावा लावण्याची वाट दिली. मला ही तडजोड न्याय्य वाटते.

प्रतिसाद ३ (सुकाणू):
माल परक्या राष्ट्राचा असेल, तर मात्र ही वाट बंद होऊ शकते. मुंबईहून डर्बनकडे निघालेले 'तिलावा' जहाज २३ नोव्हेंबर १९४२ रोजी जपानी पाणबुडीने बुडवले. त्यावर नाणी पाडण्यासाठी दक्षिण आफ्रिकेच्या सरकारने घेतलेल्या चांदीच्या २,३६४ लगडी होत्या. २०१७ मध्ये त्या समुद्रतळातून वर काढल्यावर ब्रिटनमध्ये सॅल्व्हेजचा दावा झाला. जहाज व्यापारी होते म्हणून त्यावरचा मालही व्यापारी वापरातच होता, असे खालच्या न्यायालयांनी मानले. परंतु २०२४ मध्ये तेथील सर्वोच्च न्यायालयाने ते अमान्य केले. चांदी जहाजातून नुसती वाहून नेली जात होती, व्यापारासाठी वापरली जात नव्हती, म्हणून दक्षिण आफ्रिकेला सार्वभौम संरक्षण, म्हणजे परक्या देशाच्या न्यायालयात आपल्याविरुद्ध दावा न चालण्याचे संरक्षण, मिळाले. निकालापूर्वीच उभय पक्षांत समझोता झाला होता. मोबदला किती, हे न्यायालयाला ठरवावेच लागले नाही.

गलबत:
म्हणजे कष्ट कितीही घेतले, तरी दावाच ऐकला जाणार नाही, असे होऊ शकते. मग सॅल्व्हरने आधी काय करावे?

प्रतिसाद ४ (नांगर):
काम सुरू करण्यापूर्वी लेखी करार करावा. १९४१ मध्ये बुडालेल्या 'गैरसोप्पा' जहाजावरील चांदीसाठी ब्रिटिश सरकारने असाच करार केला होता, आणि खर्च वजा जाता उरलेल्या मूल्याचे ८० टक्के काढणाऱ्या कंपनीला मिळायचे ठरले होते. जहाज डोळ्यांदेखत बुडत असताना करारासाठी थांबता येत नाही, हे खरे. पण समुद्रतळाशी वर्षानुवर्षे पडून असलेल्या मालाबाबत अशी घाई नसते.