मांजर रात्रभर ओरडतंय, काय करू? (कोल्हापूर)

कौलारू: मंगळवार पेठेत जुन्या घरात राहतो. मांजर रात्री जेवणं झाली की सुरू होतं ते पहाटेपर्यंत, बाळ रडल्यासारखं. खायला घातलं, मांडीवर घेतलं, उपयोग शून्य. मुलीची दहावी तोंडावर आहे आणि शेजारी दारात येऊन बोलून गेले. आजच्या आज काहीतरी सांगा.

गंगावेसकर: भाटी की बोका? वय किती? ऑपरेशन झालंय का?

हिरवी खिडकी: बोका असेल तर लघवीला जोर लावतोय का ते आधी बघा. लघवी तुंबली तर सकाळची वाट बघायची नाही, जीवावर बेततं.

कौलारू: लघवी नीट आहे. भाटी, सात-आठ महिन्यांची. ऑपरेशन नाही. पाठीवर हात ठेवला की पुढून दबते, मागचा भाग वर, शेपटी एका बाजूला, मागचे पाय जागच्या जागी चालवते. खाणं कमी झालंय. पोटात दुखत असेल का?

गंगावेसकर: दुखत नाही भावा, माजावर आलीय. आठवडाभर चालतं. बोका मिळाला नाही तर दोन-तीन आठवड्यांत परत सुरू.

शाहूपुरीची काकू: एकदा पिल्लं होऊ देत की. आमच्यात कधी डॉक्टर केला नाही.

हिरवी खिडकी: काकू, ६३-६५ दिवसांनी पिल्लं झाली की ती घेणार कोण? लक्ष्मीपुरीत मंडईमागं खोक्यात टाकलेली मी घरी आणलीत, डोळेसुद्धा उघडले नव्हते. आणि पिल्लं अंगावर पीत असतानाच भाटी परत माजावर येऊ शकते.

नवाबोका: मेडिकलमधून माज थांबवायची गोळी आणा. स्वस्तात काम.

गंगावेसकर: अजिबात नको! त्या हार्मोनच्या गोळ्यांनी गर्भाशयात पू होतो, स्तनात गाठी येतात.

रविवारपेठ: दूध बंद करा. मोठ्या मांजरांना पचत नाही.

कौलारू: दुधाचं कुणी विचारलंय? ऑपरेशन आत्ता होतं का?

हिरवी खिडकी: होतं, पण माजात रक्तपुरवठा वाढलेला असतो, म्हणून बरेच डॉक्टर थांबायला सांगतात. तारीख मात्र आत्ताच घ्या, पुढच्या माजाआधीची.

रविवारपेठ: आमच्या दारावर बोका फवारून जातो. वास कशानं जाईल?

गंगावेसकर: एन्झाइमवालं क्लीनर. फिनेल नको, मांजरांना विषारी आहे.

कौलारू: अहो, माझ्या आजच्या रात्रीचं बोला!

हिरवी खिडकी: आतल्या खोलीत ठेवा, खिडक्या पक्क्या बंद करा. एवढीशी फट दिसली तरी निसटते. झोपायच्या आधी दोरीमागं भरपूर पळवा, मग खायला द्या. ओरडणं पूर्ण थांबणार नाही, थोडं कमी होईल. मारू नका, तिच्या हातात काही नाही. आणि दवाखान्यात हातात धरून नेऊ नका, बास्केट लागेल.

कौलारू: बास्केट नाही. राजारामपुरीत मिळेल का?