'उद्वास्तू'ला मराठीत काय म्हणायचं?

बंगाली दिग्दर्शक ऋत्विक घटक यांच्या चित्रपटांवर टिपण लिहिते आहे. फाळणीनंतर पूर्व बंगालमधून आलेल्या माणसांना बंगालीत 'उद्वास्तु' म्हणतात, उच्चार 'उद्बास्तु'. मी सगळीकडे 'निर्वासित' लिहिलं, पण वाचताना काहीतरी हुकल्यासारखं वाटतं. 'उद्ध्वस्त'शी याचं काही नातं आहे का?

—

'विस्थापित' लिहा की. अर्थ तोच.

—

अर्थ तोच नाही. 'विस्थापित' म्हटलं की मला धरण, भूसंपादन आणि पुनर्वसनाची फाईल दिसते. 'निर्वासित' म्हटलं की उल्हासनगरची छावणी.

'उद्ध्वस्त'शी नातं नाही, तो 'ध्वंस'च्या घरातला. हा उद् + वास्तु, म्हणजे वास्तूतून उपटला गेलेला. 'निर्वासित' आणि 'वास्तु' दोन्ही 'वस्', म्हणजे राहणे, याच धातूचे. पण 'निर्वासित'मध्ये हाकलणं तेवढं ऐकू येतं, घर ऐकूच येत नाही. आणि मराठीत वास्तू म्हणजे नुसत्या भिंती नव्हेत. घरात कुणी अभद्र बोललं की आजी दटावायची, "असं बोलू नये, वास्तू तथास्तु म्हणते." ऐकणारी, उत्तर देणारी वास्तू! घटकांची माणसं तीच मागे ठेवून आली आहेत.

'कोमल गांधार' (1961) आठवा. भृगू आणि अनसूया पद्मा नदीच्या काठी उभे आहेत. पलीकडच्या तीरावर आपलं घर, पण तो आता परका देश. पूर्वी इथून पुढे जाणारे रूळ आता इथेच संपतात. कॅमेरा त्या रुळांवरून सुसाट धावतो, शेवटच्या अडसराला धडकतो आणि पडदा काळा होतो. तिथे 'निर्वासित' लिहिलंत तर आकड्यांतला माणूस उभा राहील. 'सुवर्णरेखा'तही मुलं नव्या घराचीच आस धरून असतात.

घटक स्वतः 1925 साली ढाक्यात जन्मले, वास्तव्य कलकत्त्यात. 1973चा 'तिताश एकटि नदीर नाम' करायला ते बांगलादेशात गेले. मधल्या काळात पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकवत होते. मणी कौल, कुमार शहानी हे दिग्दर्शक त्यांचेच विद्यार्थी. त्यामुळे हा शब्द मराठी मुलखाला अगदीच परका नाही. पहिल्यांदा 'उद्वास्तू' असाच ठेवा, पुढे 'घराला पारखी झालेली माणसं' म्हणा. 'पारखं होणं' यात तुटलेल्या मायेचा अर्थ आपोआप येतो.

—

'पारखी' घेते, फार आवडलं. पण 'मेघे ढाका तारा'तल्या (1960) नीताचं काय? घरासाठी राबणारी तीच, आणि क्षयाने पोखरल्यावर वडीलच तिला घर सोडून जायला सांगतात.

—

तिच्या कुटुंबासाठी 'उद्वास्तू' लिहा. नीतासाठी मात्र 'निर्वासित'च ठेवा. तिला बाहेर काढलं ते घरानेच.