स्मोक्तुनोव्स्की : हॅम्लेटच्या आधी आणि नंतर

रशियन अभिनेते स्मोक्तुनोव्स्की यांना सोव्हिएत राजवटीने डोक्यावर घेतले आणि नंतरच्या नव्या काळाने वाऱ्यावर सोडले, असे एक मत आहे; ते मला अर्धेच पटते. जर्मनांच्या कैदेतून निसटलेल्या सैनिकाकडे तीच राजवट आधी संशयाने पाहत होती, म्हणूनच १९४६ मध्ये त्यांनी ध्रुववृत्तापलीकडचे नोरिल्स्कचे नाट्यगृह गाठले. जिथे लोकांना शिक्षा म्हणून धाडत, तिथे आपणहून गेलेल्याला आणखी कुठे धाडणार, असा साधा हिशेब! १९५७ मध्ये लेनिनग्राडच्या रंगभूमीवरील प्रिन्स मिश्किनने (दस्तयेव्स्कीच्या ‘इडियट’ कादंबरीचा नायक) नशीब पालटले, १९६४ मध्ये त्यांचा ‘हॅम्लेट’ चित्रपट आला आणि पुढच्याच वर्षी लेनिन पारितोषिक मिळाले. १९९१ च्या ‘गेनी’ चित्रपटामध्ये तर ते माफियाप्रमुख झाले, तेव्हा उत्तरकाळात त्यांना कोणी विचारले नाही, असे म्हणणे धाडसाचे ठरेल, भूमिकांचा दर्जा हा मात्र वेगळा वाद आहे.