कॅमेरा लागला की आजी बदलतात, काय करू?

रानजाई:
मंडळी, मदत हवीये. सदाशिव पेठेत नाट्यसंगीत गाणाऱ्या एक आजी आहेत, एकेकाळी खूप नाव होतं, त्यांच्यावर अर्ध्या तासाची डॉक्युमेंट्री करतेय. कॅमेरा बंद असला की गवार मोडत मोडत दौऱ्यातली भांडणं, बुडवलेली नाईट (म्हणजे प्रयोगाचे पैसे), सगळं सांगतात. कॅमेरा लावला की पदर सावरून तेच सत्काराचं भाषण, रसिक मायबाप वगैरे. असिफ कपाडियाच्या 'एमी' या डॉक्युमेंट्रीतली ब्रिटिश गायिका एमी वाईनहाऊस इतकी जवळची वाटते, त्याने नक्की काय केलं?

जुनी_रिळं:
ताई, त्याने मुलाखतीला कॅमेरा लावलाच नाही. एमी २०११ मध्ये गेली, फिल्म २०१५ची. मित्रमैत्रिणींना नुसत्या माईकसमोर बसवून बोलतं केलं, आवाज त्यांचा आणि चित्र जुनं, घरगुती व्हिडिओ, पहिल्या मॅनेजरने प्रवासात काढलेलं शूटिंग. सुरुवात आठवा, मैत्रिणीच्या वाढदिवसाला ती चौदा-पंधरा वर्षांची पोर 'हॅपी बर्थडे' गाते आणि अंगावर काटा येतो, कारण तिथे ती श्रोत्यांसाठी गातच नाहीये, मैत्रिणीसाठी गातेय. त्याच्या 'सेना'मध्येही (रेसिंग ड्रायव्हर आयर्टन सेनावरची डॉक्युमेंट्री) असंच, बोलणारे पडद्यावर दिसत नाहीत. तुम्ही गवारीच्या ताटाशेजारी रेकॉर्डर ठेवा. आजींना सांगून हं, चोरून अजिबात नको.

लॉ_कॉलेज_रोड:
मला नाही पटत, आजी समोर बसल्यात तर चेहरा का सोडायचा? एरॉल मॉरिसची 'द फॉग ऑफ वॉर' (२००३) बघा. व्हिएतनाम युद्धाच्या वेळचा अमेरिकेचा संरक्षणमंत्री मॅक्नामारा, पंच्याऐंशीचा म्हातारा, आयुष्यभर पत्रकारांना गुंडाळलेला माणूस. मॉरिस लेन्सपुढे तिरकी काच लावतो, तिच्यात त्याचा स्वतःचा चेहरा दिसतो, त्यामुळे समोरचा बोलतो मॉरिसशी पण बघतो थेट आपल्याकडे. केनेडींच्या थडग्याची जागा निवडल्याचं सांगताना मॅक्नामाराचा गळा दाटतो, ते नुसत्या आवाजात पोचलं असतं का? तेवढी यंत्रणा नसली तरी चालेल, तुम्ही लेन्सला अगदी चिकटून बसा आणि कॅमेरा दुसऱ्याला सांभाळू दे. त्या तुमच्याशी बोलतात, कॅमेऱ्याशी नाही.

रानजाई:
दोन्ही करून बघते, आधी रेकॉर्डर. त्यांच्याकडे तालमींच्या कॅसेटी पण निघाल्यात, पिशवीभर! पण मुलगा म्हणतो पैसे बुडवल्याच्या गोष्टी नकोत, बाकी काहीही घ्या.

जुनी_रिळं:
हे होणारच. 'एमी'वर तिचे वडील जाहीरपणे नाराज झाले होते आणि तिला स्वतःची बाजू मांडता येत नव्हती. तुमच्या आजी आहेत की, मग विचारायचं त्यांनाच, मुलाला नाही. रफ कट, म्हणजे फिल्मची पहिली कच्ची जोडणी, त्यांना एकटीला दाखवा, त्या नको म्हणाल्या तर तो भाग काढा, मग कितीही भारी असो. आणि कॅसेटी लगेच डिजिटल करून घ्या, पावसाळ्यात टेपला बुरशी धरते. बुरशीवाली कॅसेट घरच्या प्लेअरवर चुकूनही लावू नका, हेड खराब होतो आणि पुढच्या कॅसेटीलाही लागण होते.