दुकानं नव्या पिढीने मारली की दुकानदारांनी?

चौकस: आमच्या पिढीतला माणूस दुकानात शिरला की विचारायचा, 'नवीन काय आलंय?' आताची मुलं मोबाइल पुढे करतात: 'हेच आहे का? याच रंगात?' नाही म्हटलं की मागे वळली. बघणं, तुलना करणं सगळं घरी लोळत उरकलेलं. अशाने दुकानं बंद पडणारच. बोला.

काउंटरमागून: बूट विकण्यात उमर गेली माझी. परवा एकाने चार जोड घालून पाहिले, आरशापर्यंत दोन फेऱ्या मारल्या, मग बुटाची जीभ उलटून आतल्या लेबलचा फोटो काढला आणि 'विचार करून सांगतो' म्हणाला. वय? साठीच्या पुढचं! तरुण निदान तोंडावर विचारतात, 'ऑनलाइन स्वस्त आहे, तेवढ्यात देता का?'

उनाड२३: चौकसकाका, आम्ही दुकानात जातो. फक्त मागे मागे फिरणारा सेल्समन नको असतो. अमेरिकेतल्या बार्न्स अँड नोबलचं बघा. पुस्तकांची ही साखळी गाळात होती. २०१९ मध्ये जेम्स डॉन्ट प्रमुख म्हणून आले, कुठली पुस्तकं मांडायची ते त्या त्या दुकानावर सोपवलं. टिकटॉकवर गाजलेल्या पुस्तकांची वेगळी टेबलं लागली. त्या टेबलांभोवती घोळका आमच्याच वयाचा.

चौकस: एका उदाहरणाने काय होतं? टॉइज आर अस ही खेळण्यांच्या दुकानांची साखळी २०१७ मध्ये दिवाळखोरीत गेली, पुढच्या वर्षी अमेरिकेतली दुकानं बंद.

हिशेबी: हे तुमच्यावरच उलटतं. २००५ मध्ये ती कंपनी कर्ज काढून विकत घेतली गेली, आणि ते कर्ज बसलं कंपनीच्याच डोक्यावर. व्याज भरता भरता दुकानं सुधारायला उरणार काय? (शिवाय खेळण्यांचे पैसे देतात आईबाप. मग तिथे नवी पिढी नक्की कोण?) उलट वॉर्बी पार्कर २०१० मध्ये ऑनलाइन चष्मे विकत सुरू झाली आणि २०१३ पासून दुकानं थाटू लागली. चष्मा नाकावर कसा बसतो ते स्क्रीनवर थोडंच कळतं!

चौकस: आणि ॲमेझॉन? २०१५ मध्ये पुस्तकांचं दुकान काढलं, २०२२ मध्ये सगळी गुंडाळली. त्यांनाही जमलं नाही.

उनाड२३: मग तो दोष आमचा कसा, काका?

काउंटरमागून: तुमचं चालू द्या. तो फोटोवाला काल परत आला. ऑनलाइन मागवलेला जोड टाचेला चावतोय, बदलून द्याल का म्हणे. बदलून कसला देतोय! टाचेला पॅड लावून दिलं. पैसे घेतले पॅडचे.